पुन्हा!

मराठी वाचताना तुमचा एखादा शब्द चुकला आणि सारा वर्ग हसला, असे कधी झाले आहे का? माझे झाले आहे. तेही मोठेपणी!

मी तेव्हा कोल्हापुरात बी.एड. करत होतो. काही तरुण एक लघुपट काढणार होते. गोष्ट अगदी छोटी. एक खोली, एक खुर्ची आणि चाचणी द्यायला आलेला एक नट. परीक्षक दिसतच नाही. त्याचा फक्त आवाज येतो, "पुन्हा!" नट तेच वाक्य पुन्हा म्हणतो.

त्या नटाच्या भूमिकेसाठी मीही गेलो. वाक्य होते, "बाळ, शाळेची वेळ झाली." आमच्या घरची बोली उर्दू. उर्दूत 'ळ' हे अक्षरच नाही. मी म्हणालो, "बाल, शालेची वेल झाली." बाळाचे केस झाले आणि वेळेचा वेल! सारे हसले. माझे कान तापले. भूमिका दुसऱ्याला मिळाली.

संध्याकाळी रंकाळ्याच्या काठी बसलो. या तळ्याचे नावही मला नीट म्हणता येत नव्हते! तेव्हा एक गोष्ट आठवली. मूकपटात नटाचा चेहरा बोलका असला की भागत असे. बोलपट आला आणि जिभेचीही परीक्षा सुरू झाली. याच कोल्हापुरात प्रभात कंपनीने १९३२ साली 'अयोध्येचा राजा' हा बोलपट मराठीत आणि हिंदीतही काढला. दुर्गा खोटे आणि गोविंदराव टेंबे यांनी दोन्ही भाषांत काम केले. दोन भाषा हे त्यांचे बळ होते. मग मीच का लाजावे?

दुसऱ्या दिवसापासून रंकाळ्यावर फिरताना मी म्हणू लागलो : रंकाळा, पन्हाळा, गूळ, मिसळ. जिभेचे टोक मागे वळवायचे, टाळूला लावायचे आणि सोडायचे. महिनाभराने हॉटेलात मिसळ मागितली. कोणीही वळून पाहिले नाही. मला केवढा आनंद झाला!

आज मी शिक्षक आहे. वर्गात कोणी अडखळले, की मी "पुन्हा" म्हणतो. पण हसू कोणालाच देत नाही.

चला, आता तुम्ही मोठ्याने वाचा : बाळ, शाळेची वेळ झाली.

चुकले? हरकत नाही. पुन्हा!