संघ कोणाचा असतो?

नेरूळच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर १८ ऑक्टोबर २०१४ रोजी मुंबई सिटीने पुणे सिटीला ५-० असे हरवले. इंडियन सुपर लीगचे ते पहिलेच वर्ष होते. त्यातला पुण्याचा संघ आज उरलेला नाही, आणि मुंबईच्या संघाची सूत्रे त्यानंतर दोनदा हलली.

मुंबई सिटी सुरुवातीला अभिनेते रणबीर कपूर आणि चार्टर्ड अकाउंटंट बिमल पारेख यांच्याकडे होता. २०१९ मध्ये सिटी फुटबॉल ग्रुपने त्यातला ६५ टक्के हिस्सा घेतला. मँचेस्टर सिटीही याच कंपनीचा; कंपनीत मोठा वाटा अबुधाबीच्या शेख मन्सूर यांचा. पैसा आला, शिस्त आली आणि २०२०-२१ च्या हंगामात लीग शील्ड आणि चषक दोन्ही मुंबईने जिंकले. मालकाच्या पैशाने खेळ सुधारतो, हे नाकारण्यात अर्थ नाही. पण २०२५ मध्ये लीगचेच भवितव्य अधांतरी झाले आणि डिसेंबरमध्ये या कंपनीने काढता पाय घेतला. संघ पुन्हा जुन्या मालकांकडे आला.

माझ्या वर्गात निळी जर्सी अभिमानाने घालणारी मुले आहेत. ही बातमी आल्यावर त्यांतल्या एकाने विचारले, "सर, मालक गेला, मग आता आपण कोणाचे?" मालकाने खेळ सोडला तर चाहत्याचे काय, हा त्याचा प्रश्न होता. त्याचे उत्तर कुठल्याच करारात लिहिलेले नसते.

हे आपल्याकडे नवीन नाही. महिंद्रा युनायटेडने २००५-०६ मध्ये राष्ट्रीय फुटबॉल लीग जिंकली आणि २०१० मध्ये कंपनीने तो संघ बंद केला. पुण्यात पिरामल समूहाचा पुणे एफसी, कल्याणी समूहाचा भारत एफसी, डीएसकेंचा शिवाजियन्स, वाधवान समूहाचा पुणे सिटी, असे चार संघ काही वर्षांच्या अंतराने आले आणि गेले. पुणे सिटीची लीगमधली जागा २०१९ मध्ये हैदराबादला गेली आणि २०२५ मध्ये हैदराबादची दिल्लीला. दुकानाचा गाळा हातोहात फिरावा, तसे हे झाले. मालकाचा धंदा अडचणीत आला किंवा त्याचे मन उडाले, की संघ संपतो. स्टँडमध्ये घसा कोरडा करणाऱ्याला कुणी विचारत नाही.

मग मालक नकोच का? तसेही नाही. कोलकात्याचा मोहम्मेडन स्पोर्टिंग १८९१ चा, सभासदांचा क्लब. १९३४ पासून सलग पाच वर्षे त्याने कलकत्ता लीग जिंकली, आणि आपल्या आजोबांच्या पिढीत त्याचे नाव दूरदूरच्या घरांत घेतले जाई. एवढी वर्षे तो टिकला, कारण तो एका माणसाचा नव्हता. तरी सुपर लीगमध्ये आल्यावर तिथेही खेळाडूंचे पगार थकले. नुसत्या प्रेमाने पगार होत नाहीत.

जर्मनीत यावर एक तोडगा आहे. तिथे १९९८ पासूनच्या नियमानुसार गुंतवणूकदार पैसा घालू शकतो, पण क्लबमधली निम्म्याहून जास्त मते सभासदांकडेच राहतात. काही अपवाद आहेत, तरी नियम टिकून आहे. उद्योगपती तिथे भागीदार असतो, सर्वेसर्वा नसतो.

मी भाषेचा शिक्षक. 'मालक' हा शब्द अरबीतून आला आणि मराठीत घरचा झाला. 'अमानत' हा शब्दही तिकडचाच. ज्याच्याकडे अमानत ठेवली, त्याने ती सांभाळायची असते. मनाला येईल तेव्हा मोडीत काढायची नसते. संघाचे कागद मालकाचे असतील, पण शहराचे नाव आणि पोरांचे वेड ही त्याच्याकडची अमानत आहे.

आपल्या लीगची घडी आता नव्याने बसवावी लागणार आहे. तेव्हा निदान तीन गोष्टी लिहून घ्याव्यात: चाहत्यांचा एक प्रतिनिधी संचालक मंडळावर असावा, संघ हलवण्याआधी किंवा बंद करण्याआधी वर्षभराची सूचना द्यावी, आणि अकादमीतल्या मुलांची सोय लावल्याशिवाय मालकाला बाहेर पडता येऊ नये. यात त्याचा फार तोटा नाही. त्या मुलाला मात्र आपण कोणाचे, हे सांगता येईल.