मिन्स्कींची बाहुली



अकरावी-बारावीला अर्थशास्त्र शिकवताना 'आर्थिक मंदी' आली की वर्ग जांभया देतो. माझाही द्यायचा. मग २०१५ सालचा 'बूम बस्ट बूम' हा माहितीपट माझ्या पाहण्यात आला.

तो काढणाऱ्यांपैकी एक थिओ कोकेन. नेदरलँड्सचा हा माणूस पैशाच्याच व्यवसायातला. पेन्शन फंडांना जोखीम सांभाळायला मदत करणारी 'कार्डानो' ही कंपनी त्याने स्थापन केली, शिवाय ॲमस्टरडॅमच्या विद्यापीठात प्राध्यापकी. असा माणूस सिनेमाकडे का वळावा? आणि सोबतीला कोण घेतला, तर 'मॉन्टी पायथन'चा विनोदवीर टेरी जोन्स! १६३७ साली कोसळलेला ट्यूलिपच्या कंदांचा बाजार, १७२०चा साउथ सी कंपनीचा फुगा, १९२९, २००८... या सगळ्या गोष्टी त्यांनी चक्क बाहुल्या आणि कार्टून घेऊन सांगितल्या आहेत.

त्यातली एक बाहुली हायमन मिन्स्की या अमेरिकन अर्थतज्ज्ञाची. ते १९९६ साली वारले. त्यांचं म्हणणं असं, की बरे दिवस फार टिकले की माणूस बेफिकीर होतो आणि संकटाचं बी तिथेच पेरलं जातं. कर्जाच्या त्यांनी तीन पायऱ्या सांगितल्या. पहिल्या पायरीवरचा कर्जदार कमाईतून मुद्दल आणि व्याज दोन्ही फेडतो. दुसरीवरचा फक्त व्याज भरतो, मुद्दल पुढे ढकलतो. तिसरीवरच्याला व्याजही झेपत नाही. घेतलेल्या वस्तूचा भाव वाढेल, मग ती विकून फेडू, एवढीच त्याची आशा. भाव वाढायचा थांबला की संपलं! २००८मध्ये मिन्स्कींची सगळ्यांना आठवण झाली, ती यामुळेच.

मी मोज्याची बाहुली करून वर्गात नेली. (बायको म्हणाली, "या वयात?") पायऱ्या फळ्यावर काढल्या. मुलं खूश. तेवढ्यात पहिल्या बाकावरची मुलगी म्हणाली, "सर, तुम्ही कधी तिसऱ्या पायरीवर होतात का?"

आता काय सांगणार? जानेवारी २००८मध्ये सेन्सेक्स २१,०००च्या वर गेला, तेव्हा मी पतपेढीतून कर्ज काढून शेअर घेतले होते. वाढले की विकायचे आणि कर्ज फेडायचं, हा हिशोब. ऑक्टोबरात सेन्सेक्स १०,०००च्याही खाली! पुढे पाच वर्षं पगारातून हप्ते कापले गेले. त्यातली दोन वर्षं घरी सांगितलंसुद्धा नव्हतं. अर्थशास्त्राचा मास्तर ना मी!

वर्गाला मात्र त्या दिवशी सगळं सांगून टाकलं. कोणी हसलं नाही.

तास संपल्यावर एक मुलगा रेंगाळला. हळूच म्हणाला, "सर, आमचे बाबा तिसरीवर आहेत. त्यांना कसं सांगू?"

मी त्याला दुसऱ्या दिवशी बाबांना घेऊन यायला सांगितलं. ते अजून आलेले नाहीत. रविवारी मीच त्यांच्या घरी जाणार आहे, बाहुली न घेता.