बेळगाव ते निपाणी : पुस्तकांच्या वाटेने
बेळगावच्या सार्वजनिक वाचनालयाची पायरी चढताना मन आपोआप नम्र होते. संस्था 1848 सालची! तेथे प्रकाश नारायण संतांचे ‘वनवास’ पुन्हा चाळले. लंपनची कानडी हेलाची मराठी वाचून परप्रांती वाढलेली माझी नात हसली. मग म्हणाली, ‘‘आजोबा, तुम्ही असेच बोलता ना?’’ मी निरुत्तर.

दुसऱ्या दिवशी निपाणी गाठली. तंबाखूचा उग्र वास येताच महादेव मोरे आठवले. पिठाची गिरणी चालवीत त्यांनी वखारीतल्या बायांचे, मोटारवाल्यांचे जिणे त्यांच्याच बोलीत लिहिले. 2024 साली ते गेले. नातीने त्यांचे ‘एकोणिसावी जात’ हट्टाने घेतले. परतीच्या गाडीत ती अडलेले शब्द विचारीत होती. दोन मलाही अडले.