गौरीची जिजाई

गौरी नावाची एक बाई प्रभात फिल्म कंपनीत हलक्यासलक्या कामाला होती. कधी गर्दीच्या दृश्यात उभी राहायची, एवढाच तिचा पडद्याशी संबंध. १९३६ साली विष्णुपंत दामले आणि शेख फत्तेलाल यांनी ‘संत तुकाराम’ काढला आणि तुकोबांच्या बायकोचं, जिजाईचं काम तिला दिलं. समोर तुकोबांच्या भूमिकेत विष्णुपंत पागनीस, संगीत रंगभूमीवर स्त्रीभूमिका केलेले, गळ्याने तयार. हिच्या मागे असं काहीच नव्हतं. पुढे ‘संत सखू’मध्येही ती दिसली, पण लोकांच्या मनात राहिली ती जिजाईच.

तुकाराम बीजेला आमच्या गावात, भंडारा जिल्ह्यातल्या पवनीकडच्या भागात, विठ्ठलाच्या देवळापुढे धोतर ताणून मी हा चित्रपट दाखवला. फागुन म्हणजे इकडे मोहफुलांचे दिवस. बाया पहाटे अंधारात उठून मोह वेचायला जातात, मग उन्हाळी धानाच्या बांधीत निंदणाला. अशा दिवशी त्या रात्री जागतील का, ही धाकधूक होती. सगळ्या आल्या, लेकरं मांडीवर घेऊन.

कीर्तनात जिजाई, म्हणजेच आवली, ही कजाग बायको. तिच्या तोंडाळपणावर हशा पिकवायचा हा जुना रिवाज. मीही लहानपणापासून तेच ऐकत आलो. त्या रात्री हशा पिकला, पण वेगळा. गौरी म्हशीपाशी जाते, तिला हाकते, तेव्हा बाया खूश होऊन हसल्या. ते वावरणं शिकवून येत नाही. लुगडं खोचून भराभरा चालणं, बोलता बोलता हाताने दुसरं काम उरकणं, पोरावर खेकसतानाच त्याला जवळ ओढणं, हे सगळं रोज राबणाऱ्या बाईचं आहे आणि कॅमेऱ्यापुढे ती ते जराही सजवत नाही. नव्वद वर्षांपूर्वीच्या अभिनयात हे फार दुर्मिळ. त्या काळच्या कितीतरी नट्या कॅमेऱ्यापुढेही रंगमंचावरच उभ्या असल्यासारख्या बोलत.

मग तो प्रसंग आला. पोर आजारी, घरात काही नाही, नवरा नामस्मरणात. जिजाई पोराला ओढत देवळात नेते आणि विठोबापुढे पायातलं पायताण उगारते. माझ्या शेजारी बसलेली म्हातारी ताडकन म्हणाली, “तिचं का चुकलं वं? पोरगं तापानं फणफणून रायलं अन् हा भजन करून रायला. थे बिचारी का करन?” मागून दुसरी म्हणाली, “देवालेच विचारन, आनखी कोनाले विचारन?” माळकरी बाया होत्या ह्या, एकादशी न चुकवणाऱ्या. देवाचा अपमान झाला असं एकीलाही वाटलं नाही. गौरीच्या आवाजातला राग हा विठोबावर हक्क सांगणारा आहे, हे त्यांना ऐकताक्षणीच उमगलं.

या चित्रपटाचा १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात गौरव झाला. ते सांगताना दामले, फत्तेलाल, पागनीस ही नावं निघतात, निघावीतच. पण माझं ठाम मत आहे की गौरी नसती तर पागनिसांची भक्ती पोथीतच राहिली असती. तुकोबा घरदार सोडून देवाकडे निघाले की त्याची किंमत कोण मोजतं, ते तिच्या रिकाम्या चुलीपाशी दिसतं.

आमच्या पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टीत दिवाळीनंतर शंकरपटाच्या, म्हणजे बैलांच्या शर्यतींच्या, रात्री पहाटेपर्यंत नाटकं चालतात. पूर्वी दंडार या इथल्या लोकनाट्यात बाईचं सोंग पुरुषच घ्यायचे. आता वडशाच्या नाटक मंडळ्यांतून बाया कामं करतात, मोठ्या गर्दीपुढे उभ्या राहतात. गावोगाव त्यांची भूमिका लक्षात राहते, नाव नाही. म्हणून गौरीविषयी इतकं थोडं लिहिलं गेलं आहे, याचं आमच्या बायांना नवल वाटलं नाही. मला मात्र ते खुपतं. पडद्यावरच्या तुकोबाला घर देणाऱ्या बाईचं नाव शाळकरी पोरांनाही ठाऊक असायला हवं.

वैकुंठगमन झालं, चित्रपट संपला, तरी कोणी उठेना. पहाटे पुन्हा मोहाखाली जायचं होतं. म्हातारीने देवळातला प्रसंग परत लावायला सांगितला. मी मागे सरकवत होतो, मध्ये भजन लागलं. “हे राहू दे गा,” ती म्हणाली, “तिच्यापाशी आन.”