हा भटजी तुम्ही वाचलाय का?

अहो, तुम्ही 'माझा प्रवास' वाचलाय? विष्णुभट गोडशांचा? नसेल वाचला तर हातातलं काम बाजूला ठेवा! आणि वाचला असेल तर इतकी वर्षं गप्प का बसलात ते सांगा! असं पुस्तक वाचल्यावर माणूस गप्प बसूच कसा शकतो? मला तर सध्या दुसरं काही सुचत नाहीये. दूधवाल्याला सांगून झालं, शेजारच्या काकूंना सांगून झालं, बँकेच्या रांगेत पुढे उभ्या असलेल्या आजोबांना सांगून झालं आणि आता तुमची पाळी!

आधीच सांगून टाकते, मी इतिहासाची अभ्यासक नाही. मला मोडी वाचता येत नाही, तोफांचे प्रकार कळत नाहीत, आणि १८५७ ला बंड म्हणायचं, गदर म्हणायचं की स्वातंत्र्यसमर, हा वाद जाणकारांनी घालावा. मी नुसती वाचक आहे. पण वाचकाला जे दिसतं ते केवढं आहे!

तर हा माणूस बघा. वरसईचा. म्हणजे आपल्या पेणजवळची वरसई! भिक्षुकी करणारं घर, डोक्यावर कर्ज, वय तिशीच्या आसपास. आणि कानावर बातमी येते की ग्वाल्हेरच्या बायजाबाई शिंदे मथुरेला मोठा सर्वतोमुख यज्ञ करणार आहेत, लाखांनी खर्च होणार आहे, ब्राह्मणांना दक्षिणा मिळणार आहे. झालं! घरच्यांना काळजी. तिकडे लोक भांग पितात, तिकडच्या बायका मोहात पाडतात, मुलगा परत येईल का? मुलगा सगळ्यांची समजूत काढतो आणि रामभट काकांना बरोबर घेऊन निघतो. कधी निघतो माहितेय? १८५७ च्या मार्चच्या सुमारास! अख्ख्या शतकात उत्तरेकडे जायला याहून वाईट मुहूर्त सापडला नसता आणि निघालेत कोण, तर मुहूर्त काढून देणारे! मी ते पान वाचताना मोठ्यांदा म्हणाले, "अहो, नका जाऊ!"

पण ते जातात. चालत जातात! आणि मग महूच्या जवळपास त्यांना पलटणीतले शिपाई भेटतात, काडतुसांची गोष्ट सांगतात, आता लवकरच मोठा गोंधळ होणार म्हणून सांगतात, आणि मग खरंच तो होतो, आणि मग यज्ञ बाजूला राहतो, आणि मग दोघं चुलते-पुतणे फिरत फिरत झाशीला येऊन पोचतात, आणि मग राणी लक्ष्मीबाईंच्या राज्यात जरा बरे दिवस येतात, आणि मग १८५८ चा मार्च उजाडतो आणि सर ह्यू रोजची फौज झाशीला वेढा घालते. आणि आपले विष्णुभट आत! शहरात! हा माणूस लढायला आलेला नाही, पळायला त्याला जागा नाही, आणि या भांडणाशी त्याचा काडीचा संबंध नाही. त्याला फक्त घरचं कर्ज फेडायचं होतं!

इथेच मी पुस्तकात अडकले ती अजून सुटलेले नाही. कारण लढाईची पुस्तकं मी वाचलेली आहेत, सेनापती कुठे उभा होता, डावी बगल कशी मोडली, वगैरे. पण लढाई चालू असताना शहरातल्या माणसांनी काय केलं? पाणी कुठून आणलं? रात्री झोपले का? हे सांगणारा माणूस मला आपल्या भाषेत पहिल्यांदाच भेटला. तो रात्रीचे तोफेचे गोळे सांगतो, लालभडक, अंधारात आभाळातून येताना दिसणारे. दिवसा तटाला खिंडार पडतं, आणि रात्री गवंडी अंगावर घोंगड्या पांघरून, म्हणजे शत्रूला दिसू नये म्हणून, गुपचूप ती भिंत पुन्हा बांधतात. घोंगड्या! कुठल्या लष्करी अहवालात आल्या असत्या त्या? आणि एकीकडे तोफा चालू असताना दुसरीकडे देवळात ब्राह्मण अनुष्ठानाला बसलेले! दोन्ही कामं सारख्याच निकडीची असल्यासारखं तो सांगतो, कारण त्याच्या लेखी ती तशीच होती.

सगळ्यांच्या आशा तात्या टोप्यांवर. आणि मग ते येतात, मोठी फौज घेऊन येतात, आणि १ एप्रिलला बेतवेच्या काठी सर ह्यू रोज त्यांचा पराभव करतो. पुस्तकाबाहेरच्या इतिहासात ही एक ओळ आहे. पण शहराच्या आत बसून ती ओळ वाचून बघा! ३ एप्रिलला गोरे तट चढून आत शिरतात, आणि त्यानंतर राणी रात्रीची किल्ल्यातून बाहेर पडते. आणि आपण? आपण राणीबरोबर जात नाही! हेच तर आहे! आजवर प्रत्येक कादंबरीत, प्रत्येक नाटकात, प्रत्येक सिनेमात आपण पाठीशी मूल बांधलेल्या त्या घोड्याबरोबर काल्पीच्या वाटेला लागतो. झाशीत मागे राहिलेल्यांचं काय झालं ते बघायला कॅमेरा कधी थांबतच नाही. विष्णुभट थांबतात. त्यांना थांबावंच लागतं.

आता जे सांगते ते जरा सावकाश सांगते, कारण ते वाचून मी पुस्तक मिटून खिडकीशी जाऊन उभी राहिले होते. शहरात कत्तल सुरू होते. पुरुष दिसला की गोळी. लोक गवताच्या गंजीत लपतात, तर गंजी पेटवून देतात. लोक विहिरीत उतरतात, तर वरून गोळ्या घालतात. हलवाईपुरा जळतो. विष्णुभट आणि काका एका घरात दडून बसलेत, बाहेर पावलांचे आवाज, आणि शेवटी कमरेचे पैसे शिपायांच्या हातावर ठेवतात म्हणून जीव वाचतो. ज्या पैशासाठी वरसईहून इथवर चालत आला, तोच पैसा! आणि तरी हा माणूस आक्रस्ताळेपणा करत नाही हो. शिव्याशाप नाहीत. तो सांगत जातो.

आणि मग लूट. लूट एकदम होत नाही. तिचा क्रम असतो! आधी सोनं, चांदी, नाणं. ते संपलं की तांब्यापितळेची भांडी. मग कपडे. मग धान्य. एकेक गट येतो आणि आधीच्या गटाने सोडलेलं उचलून नेतो. हे मला ठाऊक नव्हतं! लूट म्हटलं की डोळ्यांपुढे आरडाओरडा येतो, धावाधाव येते. असा शिस्तीत चाललेला घरं रिकामी करण्याचा कार्यक्रम येत नाही. पण ज्याला सगळं आयुष्य दिलेल्या वस्तूंवर काढायचंय, पळी-पंचपात्री, धोतरजोडी, शिधा, दक्षिणा, त्याच्या नजरेला तो क्रम बरोबर दिसला. भांडी गेली त्या दिवसाचं दुःख त्याला कळतं, कारण भांड्याची किंमत त्याला माहीत आहे. झाशीचा ग्रंथसंग्रह नष्ट झाला त्याचीही हळहळ त्याने लिहून ठेवलीय, कारण पोथीची किंमतही त्याला माहीत आहे! नंतर प्रेतांचं दहन रस्त्यारस्त्यावर करावं लागतं. वास, धूर, पाण्यावाचून तडफडणारी जनावरं. मी हे वाचत होते तेव्हा घरात कुकरच्या शिट्ट्या होत होत्या आणि मला त्या ऐकूच आल्या नाहीत.

बरं, राणी! राणीविषयी आपल्याला सगळं माहीत आहे असं वाटतं ना? थांबा! पुतळ्यातली राणी घोड्यावरून उतरतच नाही. विष्णुभटांची राणी पहाटे उठते, मल्लखांब करते, घोडे फिरवते, आणि मग स्नान! तिला स्नानाचा षोक होता हो! घागरीच्या घागरी ऊन पाणी लागायचं! आणि मग रामनामाच्या चिठ्ठ्या लिहून कणकेच्या गोळ्यांत घालून माशांना द्यायच्या. पोशाख कधी पुरुषी, पायजमा, बंडी, डोक्याला टोपी, कमरेला तलवार, तर कधी साधं पांढरं लुगडं. कारभाराला बसली की पडद्याआड. थंडीच्या दिवसांत एकदा देवदर्शनाहून परतताना वाटेत भिकाऱ्यांची गर्दी दिसते, चौकशी करते तर कळतं थंडीने लोक गारठलेत, आणि मग हुकूम सुटतो की या सगळ्यांना टोपी, बंडी आणि घोंगडी द्या. दोन घोडे विकायला आलेले असतात, दिसायला सारखेच उमदे, ती दोघांवर बसून बघते आणि सांगते की हा भारी आणि तो कवडीमोल, त्याच्या छातीला मार आहे! मला सांगा, इतकी जिवंत राणी तुम्हाला कुठे भेटली होती?

आणि मग ती विहीर. हे मी सांगू नये, तुम्हीच वाचावं, पण मला राहवत नाही! झाशी पडल्यानंतरची गोष्ट. काल्पीच्या बाजूला भटकत असताना पहाटेच्या वेळी वाटेवरच्या एका विहिरीशी घोडेस्वार येतात. धुळीने भरलेले. त्यात राणी! तहानलेली. विष्णुभट पाणी काढून द्यायला पुढे होतात, तर ती त्यांना काढू देत नाही. तुम्ही विद्वान ब्राह्मण, तुम्ही माझ्यासाठी कष्ट नका करू, असं म्हणते, स्वतः पाणी काढते आणि ओंजळीने पिते. दोन-चार वाक्यं बोलते आणि निघून जाते. एवढंच! जूनमध्ये ती ग्वाल्हेरजवळ पडली. आणि ती तहानलेली बघितलेला माणूस आपल्या पेणजवळचा होता!

आता मी भारावलेय म्हणून डोळे मिटून सगळं खरं मानते असं समजू नका. गोडशांनी हे लिहिलं ते पंचवीसेक वर्षांनी, १८८३ च्या सुमारास, चिंतामणराव वैद्यांच्या आग्रहावरून. तारखा डळमळतात. कानपूरची हकीकत त्यांनी ऐकलेली आहे, बघितलेली नाही, आणि ते वाचताना कळतंच. ऐकीव मजकूर गोष्टीसारखा घरंगळत जातो, आणि डोळ्यांनी बघितलेला मजकूर आला की घोंगड्या येतात, घागरी येतात, भांडी येतात. जातीपातीच्या त्यांच्या कल्पना त्यांच्या काळाच्या आहेत आणि काही ठिकाणी त्या टोचतात. टोचू देत. त्या गाळलेल्या असत्या तर मी या माणसावर विश्वास ठेवला नसता.

गाळण्यावरून आठवलं! पुस्तक छापून आलं ते १९०७ साली, वैद्यांनी संपादित केलेलं, म्हणजे लिहिल्यानंतर वीसेक वर्षांनी. इंग्रज सरकारची भीती होतीच ना! त्या आवृत्तीत वैद्यांनी बराच हात फिरवलाय. मूळ हस्तलिखित नंतर पुण्याच्या भारत इतिहास संशोधक मंडळात आलं आणि त्यावरून दत्तो वामन पोतदारांनी १९६६ साली मूळ मजकूर छापला. मी आधी एक वाचलं आणि मग दुसरं शोधून काढलं, आणि आता दोन्ही शेजारी शेजारी ठेवून वाचतेय! मूळ मजकुराची वाक्यं लांबलचक, ओबडधोबड, श्वास न घेता बोलणाऱ्या माणसाची. मला तीच आवडली.

या पुस्तकाने माझं बाकीचं वाचनही उलटंपालटं करून टाकलंय. विश्वास पाटलांचं 'पानिपत' पुन्हा उघडलं, तर नजर भाऊसाहेबांवर ठरेचना! बुणग्यांकडेच जायला लागली. फौजेबरोबर निघालेले ते हजारो लोक, यात्रेकरू, बायकामुलं, बाजारकरी, नोकरचाकर. फौजेच्या आसऱ्याने मथुरा, काशी, प्रयाग होईल म्हणून निघालेली माणसं! इतिहास त्यांना एका शब्दात गुंडाळतो, आणि तोही बहुतेक वेळा तक्रारीच्या सुरात, की यांच्यामुळे धान्य संपलं, यांच्यामुळे फौज अडकली. त्यांच्यातही एखादा विष्णुभट असणार. तो १७६१ च्या जानेवारीत संपला आणि त्याची हकीकत त्याच्याबरोबर गेली. आपला वरसईचा माणूस जिवंत परत आला म्हणून आपल्याला झाशी कळली. ही किती बारीकशी गोष्ट आहे, आणि केवढी!

आणि महाश्वेता देवी! त्यांचं पहिलं पुस्तक झाशीच्या राणीवरचं, १९५६ चं. तेही आता माझ्या यादीत आहे, कारण त्या बुंदेलखंडात हिंडल्या आणि लोकांच्या तोंडची गाणी, आठवणी गोळा करत गेल्या. आणि हिंदीत अमृतलाल नागरांनी आपल्या गोडशांना 'आँखों देखा गदर' म्हणून नेलं. इंग्रजीत तर एकाहून जास्त अनुवाद आहेत. म्हणजे सगळ्यांना तो हवाय! आणि आपल्या वाचनालयात तो कपाटाच्या तळाला पडलेला असतो.

विष्णुभट परत कसे आले ते सांगायचं राहिलंच. काशीला गेले, गंगेच्या पाण्याची कावड खांद्यावर घेतली आणि आईवडिलांसाठी ती कावड घेऊन चालत वरसईला आले! यज्ञ नाही, दक्षिणा लुटली गेलेली, कर्ज जिथल्या तिथे. पण कावड पोचली!

तर आता ऐका. उद्याच्या उद्या तुमच्या वाचनालयात जा आणि 'माझा प्रवास' मागा. शक्यतो पोतदारांची आवृत्ती मागा. नाही म्हणाले तर मागवायला लावा. पहिल्या काही पानांत जुनी भाषा अडेल, अडू देत, सोडू नका, मोठ्याने वाचा म्हणजे सुटेल. झाशीचं प्रकरण सुरू करताना हाताशी दुसरं काम ठेवू नका. आणि विहिरीच्या पानापर्यंत पोचलात की मला फोन करा, कितीही वाजलेले असोत!