पहिल्या बाटलीपर्यंतचे हप्ते

अप्रेझल जवळ आलं की ऑफिसात एक डायलॉग हमखास ऐकू येतो, 'सगळं सोडून शेती करणार यार!'

फुटबॉलपटूंचं ठीक आहे हो. स्पेनच्या इनिएस्ताने २०१० मध्ये वर्ल्ड कप फायनलला गोल मारला आणि त्याच वर्षी त्याच्या घरची वायनरीही सुरू झाली. पैशाचं टेन्शनच नाही!

आपल्याकडचं उदाहरण राजीव सामंतचं. स्टॅनफर्डची डिग्री, ऑरॅकलची नोकरी. ती सोडून हा पठ्ठ्या नव्वदच्या दशकात नाशिकला घरच्या जमिनीवर आला. आंबा, गुलाब असले प्रयोग करून पाहिले. वाइनच्या द्राक्षांची लागवड १९९७ची आणि पहिली वाइन बाजारात आली ती २००० मध्ये. आई सुलभाच्या नावावरून ब्रँड झाला 'सुला'. शेअर बाजारात कंपनी लिस्ट झाली थेट २०२२ मध्ये!

आपण लक्षात ठेवतो राजीनामा आणि बाटली. मधली वर्षं गाळून टाकतो.

कल्याणला रेल्वेचे दोन फाटे फुटतात. एक कसाऱ्यावरून नाशिककडे, दुसरा उल्हासनगर, अंबरनाथ, बदलापूरकडे. आम्ही दुसऱ्या फाट्यावरची माणसं. घरची जमीन नाही, आहे तो वन बीएचके आणि त्याचा ईएमआय. फ्रीलान्सिंगसाठी नोकरी सोडण्याआधी मी वर्षभराचे हप्ते बाजूला टाकले, तेव्हा कुठे शांत झोप लागली. माझी 'पहिली बाटली' अजून यायचीय. पण बँकेचा फोन आला की हात थरथरत नाही, हेही काही कमी नाही!