नागद्वारची वाट आणि पूर्वानुभवाचा रकाना

नर्मदा आणि तापी या पश्चिमवाहिनी नद्यांच्या मधून, गुजरातेतील राजपिपळ्यापासून पूर्वेकडे मैकल डोंगरांपर्यंत सुमारे 900 किलोमीटर पसरलेल्या सातपुड्याला भूगोलात गट पर्वत म्हणतात, म्हणजे दोन्ही बाजूंची जमीन खचल्यामुळे मधला भाग उंच राहून तयार झालेला पर्वत. नागपूरहून सावनेर, सौंसर आणि छिंदवाडा या मार्गाने या रांगेतील महादेव डोंगरांत जाता येते. सातपुड्याचे सर्वोच्च शिखर धूपगड (1,350 मीटर) तिथेच, पचमढीजवळ आहे. या डोंगरांशी नागपूरचा संबंध जुना आहे. सीताबर्डीच्या लढाईनंतर इंग्रजांच्या कैदेतून निसटलेले आप्पासाहेब भोसले 1818 मध्ये इथल्याच गोंड सरदारांच्या आश्रयाला राहिले, आणि पुढे मध्य प्रांताची राजधानी नागपूर असताना सरकारचा उन्हाळा पचमढीत जाई. 1 नोव्हेंबर 1956 रोजी विदर्भाचे आठ जिल्हे मुंबई राज्यात आले, पचमढी मध्य प्रदेशात राहिली, आणि वैदर्भीयांच्या वाट्याला थंड हवेचे ठिकाण म्हणून गाविलगडच्या डोंगरातील चिखलदरा तेवढे उरले.

लोकांची ये-जा मात्र राज्याच्या सीमेने थांबली नाही. महाशिवरात्रीला खांद्यावर त्रिशूळ घेऊन चौरागड चढणारे आणि श्रावणात नागपंचमीच्या सुमारास नागद्वारला जाणारे भाविक मोठ्या संख्येने विदर्भातलेच असतात. या वाटा समजायच्या तर खडक आधी पाहावा लागतो. सह्याद्री आणि गाविलगड हे लाव्हा थंड होऊन बनलेल्या काळ्या बेसाल्टचे डोंगर आहेत, तर महादेव डोंगर गोंडवन काळातील वालुकाश्माचे, म्हणजे नद्यांनी आणून टाकलेली वाळू दाबली जाऊन तयार झालेल्या दगडाचे आहेत. या दगडात उभ्या भेगा पडतात, त्यांतून पाणी झिरपून अरुंद खोल दऱ्या तयार होतात, ज्यांना स्थानिक लोक खोह म्हणतात, आणि कड्यांच्या पोटात नैसर्गिक गुहा होतात. त्यामुळे सह्याद्रीतली चढण बहुधा किल्ल्याच्या दरवाजाशी संपते, तर इथली गुहेच्या तोंडाशी. जटाशंकर, गुप्त महादेव, नागद्वार ही सगळी या खडकाचीच देणगी आहे.

नागद्वारची वाट भर पावसाळ्यात चालायची असते, आणि पचमढीला वर्षाला सुमारे 2,000 मिलिमीटर पाऊस पडतो. काजरी, पद्मशेष, स्वर्गद्वार अशी ठाणी घेत डोंगरामागून डोंगर उतरावे आणि चढावे लागतात, शेवाळलेल्या दगडावर पाय ठरत नाही, उभ्या कड्यांवर लोखंडी शिड्या आहेत आणि त्यांच्याखाली रांग तिष्ठत असते. पायांत बहुतेकांच्या रबरी चपला, पुष्कळांच्या तर काहीच नाही. वाटेवर विदर्भातल्या मंडळांचे भंडारे असतात, आणि ओल्या लाकडाच्या धुरात शिजलेला तिथला वरणभात प्रस्तुत लेखकाला कोणत्याही पर्यटन निवासातल्या जेवणापेक्षा सरस वाटला, हे भूगोलाचे विधान नसले तरी नोंदवण्यासारखे आहे.

या पार्श्वभूमीवर एक प्रसंग विसरता येत नाही. प्रस्तुत लेखकाबरोबर ही वाट चाललेल्या नागपूरच्या एका बाईंनी हिमालयातील पदभ्रमणासाठी एका संस्थेकडे अर्ज केला. अर्जात पूर्वानुभवाचा रकाना होता; त्यात त्यांनी नागद्वार आणि चौरागड लिहिले. तपासणाऱ्या तरुणाने ती ओळ खोडली आणि म्हटले, "ताई, ती यात्रा झाली. ट्रेक केला असेल तर तो लिहा." बाईंनी विचारले, "मंग डोंगर का वेगळा होता का जी?" त्याच्याकडे उत्तर नव्हते, तरीही रकाना कोराच राहिला. त्याच रांगेत पुढे उभ्या असलेल्या एका मुलाने पुण्याजवळचा एक किल्ला लिहिला होता, ज्याच्या माथ्याजवळ गाडी जाते, आणि तो बिनतक्रार मान्य झाला. चढण किती, उतार किती, पाऊस किती, डोक्यावर ओझे काय, यांपैकी एकही प्रश्न विचारला गेला नाही. पाठीवर पिशवीऐवजी गाठोडे होते आणि तोंडात महादेवाचे नाव होते, एवढ्यानेच फुप्फुसे आणि गुडघे यांचे काम रद्द ठरले. मराठीत डोंगरभटकंतीविषयी जे लेखन झाले त्यात सह्याद्रीचा वाटा अर्थातच मोठा आहे, आणि तो असावाही. पण नेमाने नागद्वारला जाणाऱ्या, साठी ओलांडलेल्या बायांची त्यात कुठे दखल नसावी, हे त्या लेखनाचेच उणेपण आहे. अशा संस्थांनी रकान्यात नाव न विचारता अंतर, उंची आणि ऋतू विचारावेत, म्हणजे हा प्रश्नच उरणार नाही.

मात्र या मागणीला एक अडचण आहे, आणि ती जंगलाची आहे. नागद्वारची वाट सातपुडा व्याघ्र प्रकल्पाच्या गाभा क्षेत्रातून, म्हणजे जिथे माणसाचा वावर कमीत कमी असावा अशा भागातून जाते. पावसाळ्यात हे क्षेत्र पर्यटकांना बंद असते. वाट मोजके दिवस उघडते ती केवळ यात्रेची रूढी म्हणून. उद्या तिला पदभ्रमणाची मान्यता मिळाली, तर हौशी गट वर्षभराची परवानगी मागतील किंवा वनखाते पर्यटनाचा नियम लावून ती श्रावणातही बंद करील, आणि दोन्हींत नुकसान त्या बायांचेच आहे. यात्रेनंतर दरीत उरणारे प्लास्टिक पाहिल्यावर तर वाट आणखी कमी लोकांसाठी उघडावी असेही वाटते, जे वर केलेल्या तक्रारीशी मुळीच जुळत नाही. म्हणजे त्या तरुणाने खोडलेली ओळ एका अर्थाने वाटेच्या हिताचीच होती. अर्थात अर्ज तपासताना यातले काहीही त्याच्या मनात नव्हते, त्याला फक्त गाठोडे दिसले होते, आणि म्हणून त्याच्यावरचा राग कायम आहे.